अनोळखी प्रक्रियेची ओळख

संगणकापुढे बसलेला मनुष्य एका वेळी बहुधा एकच काम करीत असतो. तो पत्र लिहितो, एखादा तक्ता भरतो किंवा चित्र पाहतो. आणि आपण करीत आहोत तेवढेच काम यंत्रही करीत असावे, अशी त्याची स्वाभाविक समजूत असते. ही समजूत खरी नाही. विंडोज या नावाची संचालन-प्रणाली असलेल्या कोणत्याही संगणकावर कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप या तीन कळा एकदम दाबल्या असता ‘टास्क मॅनेजर’ नावाची एक चौकट उघडते. तिच्यातील ‘डिटेल्स’ या पानावर, त्या क्षणी यंत्रात जी जी कामे चालू असतात त्यांची यादी दिलेली असते. पडद्यावर दुसरी एकही चौकट उघडी नसली तरी या यादीत बहुधा शंभराहून अधिक नावे आढळतात. त्यांपैकी आठ-दहा नावे परिचयाची वाटतात. उरलेली मात्र कोणीतरी आद्याक्षरे एकापुढे एक मांडून ठेवावीत तशी अर्थशून्य दिसतात.

ही यादी प्रथमच पाहणाऱ्याच्या मनात शंका उत्पन्न होणे साहजिक आहे. आपल्या नकळत हे कोण येथे येऊन बसले आहे? यास येथे राहू द्यावे की घालवून द्यावे? प्रश्न केवळ कुतूहलाचा नाही. शाळेतील किंवा सार्वजनिक ग्रंथालयातील एकाच संगणकावर दिवसभरात कितीतरी माणसे येऊन बसतात. कोणी शिष्यवृत्तीचा अर्ज भरतो, कोणी परीक्षेचे शुल्क भरतो, कोणी निवृत्तिवेतनाचा हिशेब पाहतो. दाबलेली प्रत्येक कळ टिपून ती दूरस्थ माणसाकडे पाठविणारी एखादी प्रक्रिया त्या यंत्रात लपलेली असेल, तर या सर्वांचे सांकेतिक शब्द एकाच वेळी परक्याच्या हाती पडतात. याच्या उलट, भीतीपोटी एखादी निरुपद्रवी परंतु आवश्यक फाइल काढून टाकली, तर अर्जाच्या नेमक्या शेवटच्या दिवशी यंत्र सुरूच होत नाही. दोन्ही बाजूंनी नुकसान संभवते. म्हणून अनोळखी प्रक्रियेची पारख कशी करावी, हे माहीत असणे इष्ट होय.

संहिता आणि प्रयोग

प्रथम ‘प्रक्रिया’ या शब्दाचा अर्थ निश्चित केला पाहिजे. आज्ञावली म्हणजे संगणकाने काय करावे याविषयीच्या सूचनांचा लिखित संच. तो तबकडीवर फाइलीच्या रूपाने पडून असतो, आणि नुसता पडून असताना काहीही करीत नाही. तीच आज्ञावली यंत्राच्या स्मृतीत आणून प्रत्यक्ष चालविली जाऊ लागली, म्हणजे तिला प्रक्रिया म्हणतात. नाटकाची संहिता आणि नाटकाचा प्रयोग यांत जो भेद आहे, तोच येथे आहे. संहिता कपाटात राहते. प्रयोग रंगभूमीवर होतो. एकाच संहितेचे एकाच रात्री दोन गावी दोन प्रयोग होऊ शकतात, त्याप्रमाणे एकाच आज्ञावलीच्या अनेक प्रक्रिया एका वेळी चालू असू शकतात. हे साम्य ध्यानात ठेवल्यास पुढील पुष्कळ घोटाळा टळेल.

प्रत्येक प्रक्रिया सुरू होताना संचालन-प्रणाली तिला एक क्रमांक देते, स्मृतीचा काही भाग तोडून देते, आणि ती कोणी सुरू केली व कोणाच्या अधिकाराने चालत आहे याची नोंद ठेवते. ही नोंद, म्हणजे प्रक्रियेची एक प्रकारची कुळकथाच, पुढे फार उपयोगी पडते.

यांपैकी बहुसंख्य प्रक्रिया पडद्यामागे राहून काम करतात. घड्याळाची वेळ जुळवून घेणे, छपाईची कामे रांगेत लावणे, फाइलींची सूची तयार ठेवणे, नवी दुरुस्ती आली आहे काय हे पाहणे, अशी ही कामे असतात. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स तंत्रविद्या संस्थेत १९६३ च्या सुमारास फर्नांडो कॉर्बाटो यांच्या सहकाऱ्यांनी अशा अदृश्य सेवकांस ‘डीमन’ हे नाव दिले. भौतिकशास्त्रज्ञ मॅक्सवेल यांनी एका विचारप्रयोगात रेणूंची निवड करीत दाराशी अखंड बसून राहणारा एक काल्पनिक जीव योजिला होता. त्यावरून हे नाव सुचले. येथे दुष्टपणाचा काहीएक संबंध नाही. कोकणातील गावचा राखणदार जसा कोणाच्या दृष्टीस न पडता सीमेवर फिरतो असे मानतात, तसाच हा सेवक. युनिक्स व लिनक्स या प्रणालींत अशा प्रक्रियांच्या नावाच्या शेवटी ‘डी’ हे अक्षर अद्यापही आढळते, ते याच कारणाने. सारांश, अदृश्य राहणे हा काही अपराध नव्हे.

नाव हा पुरावा नव्हे

टास्क मॅनेजरच्या यादीत ‘एसव्हीसीहोस्ट’ हे नाव सर्वांत अधिक वेळा आढळते, आणि सर्वांत अधिक घबराटही त्यानेच उडविली आहे. या नावाचा अर्थ ‘सेवांचा यजमान’ असा आहे. विंडोजमधील पुष्कळशा सेवा ज्या फाइलींत असतात, त्या फाइली स्वतंत्रपणे चालू शकत नाहीत. दुसऱ्या कोणीतरी त्यांना आपल्या घरी आश्रय द्यावा लागतो. विंडोज २००० पासून हे यजमानपद एसव्हीसीहोस्टकडे आहे. पूर्वी एकेका यजमानाच्या घरी दहा-दहा, पंधरा-पंधरा सेवा दाटीवाटीने राहत असत. त्यामुळे एक सेवा कोसळली की तिच्याबरोबर इतरही कोसळत. २०१७ साली विंडोज १० मध्ये असा फेरफार करण्यात आला की, ज्या यंत्राची स्मृती साडेतीन गिगाबाइट किंवा अधिक आहे, तेथे बहुतेक सेवांना आपापले स्वतंत्र यजमान मिळावेत. म्हणून आज साठ-सत्तर एसव्हीसीहोस्ट दिसणे हे रोगाचे लक्षण नसून बिऱ्हाडे वेगळी झाल्याचे लक्षण आहे.

परंतु ज्या नावाचे साठ-सत्तर धनी एका यादीत असतात, त्या नावाच्या आड एकसष्टावा चोर लपणेही सोपे असते. घातक आज्ञावल्या रचणाऱ्यांनी हे फार पूर्वीच ओळखले. कोणी ‘व्ही’ आणि ‘सी’ या अक्षरांची अदलाबदल करतो. कोणी ‘ओ’ अक्षराच्या जागी शून्याचा आकडा घालतो. कोणी शेवटी एक ‘एस’ वाढवितो. दुसऱ्या एका महत्त्वाच्या प्रक्रियेचे, ‘एलसास’चे, पहिले अक्षर लहान लिपीतील ‘एल’ आहे. त्याऐवजी मोठ्या लिपीतील ‘आय’ लिहिला असता पडद्यावर डोळ्यांना भेद जाणवत नाही. आणि एवढे श्रम तरी कशासाठी? नाव अक्षरशः तेच ठेवून फाइल निराळ्या फोल्डरमध्ये ठेवली तरी यंत्राची हरकत नसते. एका फोल्डरात एकाच नावाच्या दोन फाइली राहू शकत नाहीत, एवढाच काय तो निर्बंध. आज्ञावलीचे नाव तिचा कर्ता स्वतः ठेवतो. त्याची शहानिशा कोठेही होत नाही.

यावरून एक गोष्ट उघड होते. महाजालावर अनोळखी प्रक्रियेचे नाव शोधून ‘सुरक्षित’ किंवा ‘धोकादायक’ असे उत्तर मिळविण्याची जी रीत सर्वत्र रूढ आहे, ती अपुरी आहे. त्या नावाची खरी फाइल काय करते, एवढेच असे उत्तर सांगू शकते. आपल्या यंत्रात चालू असलेली फाइल तीच आहे काय, हे सांगू शकत नाही. शिवाय अशा उत्तरांपैकी कित्येक उत्तरे कसल्या तरी ‘स्वच्छता’ करणाऱ्या आज्ञावलीची विक्री व्हावी म्हणून लिहिलेली असतात, आणि त्यांत प्रत्येक नावाविषयी थोडीफार भीती घातलेलीच असते.

स्थान व कुळ

नावावर विसंबता येत नाही, तर कशावर विसंबावे? पहिली चौकशी ठावठिकाण्याची. टास्क मॅनेजरमध्ये प्रक्रियेच्या नावावर माऊसची उजवी कळ दाबून ‘ओपन फाइल लोकेशन’ ही सूचना निवडली की, ती प्रक्रिया ज्या फाइलीतून निघाली ती फाइल जेथे आहे ते फोल्डर उघडते. खरा एसव्हीसीहोस्ट विंडोजच्या फोल्डरातील ‘सिस्टिम३२’ या उपफोल्डरात राहतो; त्याची ३२ बिटांची आवृत्ती ‘सिसवॉव६४’ येथे असते. या दोन जागी नवी फाइल ठेवण्यास व्यवस्थापकाचे अधिकार लागतात. सामान्य वापरकर्त्याच्या अधिकाराने आत शिरलेली आज्ञावली तेथे पोचू शकत नाही. म्हणून ती वापरकर्त्याच्या स्वतःच्या ‘अ‍ॅपडेटा’ किंवा ‘टेम्प’ अशा फोल्डरांत बिऱ्हाड करते. विंडोजची म्हणविणारी प्रक्रिया तात्पुरत्या फाइलींच्या अडगळीतून चालत असेल, तर तिचे सोंग तेथेच उघडे पडते.

मात्र ही कसोटी उलट दिशेने लावता येत नाही. दूरस्थ सभा भरविणाऱ्या किंवा महाजाल पाहण्याच्या कित्येक प्रामाणिक आज्ञावल्याही व्यवस्थापकाची परवानगी लागू नये म्हणून ‘अ‍ॅपडेटा’तच राहतात. तेव्हा राहण्याची जागा सामान्य असणे हा दोष नव्हे. जे कुळ सांगितले त्या कुळाच्या वाड्यात न सापडणे हा दोष. यादीतील ‘सिस्टिम’, ‘रजिस्ट्री’, ‘मेमरी कम्प्रेशन’ अशा थोड्या नावांना तर सामान्य प्रक्रियांसारखी स्वतःची फाइलच नसते. ते गाभ्याचे स्वतःचे व्यवहार आहेत.

दुसरी चौकशी जनकाची. प्रत्येक प्रक्रिया कोणत्या तरी आधीच्या प्रक्रियेने सुरू केलेली असते. खऱ्या एसव्हीसीहोस्टचा जनक ‘सर्व्हिसेस’ ही प्रक्रिया, आणि तिचा जनक ‘विनइनिट’. वापरकर्त्याने चित्रावर टिचकी मारून सुरू केलेल्या आज्ञावल्यांचा जनक बहुधा ‘एक्सप्लोरर’ असतो. ही वंशावळ टास्क मॅनेजरमध्ये नीट दिसत नाही. त्यासाठी ‘प्रोसेस एक्सप्लोरर’ हे साधन वापरावे लागते. मार्क रुसिनोविच यांनी ते रचिले, आणि २००६ सालापासून मायक्रोसॉफ्ट ही संस्था ते विनामूल्य देते. त्यात प्रक्रियांची मांडणी वृक्षासारखी, जनकाखाली अपत्य, अशी केलेली असते. वंशावळ पाहण्याचा लाभ असा की, प्रत्येक प्रक्रिया एकेकटी निर्दोष असूनही त्यांचे नाते विपरीत असू शकते. पत्रलेखनाची आज्ञावली ही निर्दोष आहे. व्यवस्थापकांच्या आज्ञा चालविणारी ‘पॉवरशेल’ ही देखील विंडोजचीच आहे. परंतु ईमेलसोबत आलेले एक पत्र उघडताच पत्रलेखनाच्या पोटी पॉवरशेल जन्मास आली, तर काहीतरी अघटित घडले आहे असे निःशंकपणे समजावे. पत्र वाचण्यास तिची गरज नसते.

मुद्रा

तिसरी चौकशी मुद्रेची. राजाज्ञेवर जशी मुद्रा उमटवीत, तशी जबाबदार कर्ता आपल्या आज्ञावलीवर अंकीय स्वाक्षरी करतो. तिची घडण थोडक्यात अशी आहे. फाइलीतील सर्व मजकुरावर एक ठराविक गणिती क्रिया केली असता ठराविक लांबीची एक संख्या मिळते. हल्ली प्रचारात असलेल्या ‘एसएचए-२५६’ या पद्धतीत ही संख्या २५६ बिटांची असून ती ६४ चिन्हांत लिहिली जाते. फाइलीतील एखादे अक्षर जरी बदलले तरी ही संख्या समूळ बदलते. आणि या पद्धतीत दोन भिन्न फाइलींची संख्या एकच यावी, असे आजवर कोणास जमल्याचे प्रसिद्ध नाही. म्हणूनच तिला फाइलीचा अंगठ्याचा ठसा म्हणतात. (ठशांवरून माणसाची ओळख पटविणारे जगातील पहिले सरकारी कार्यालय १८९७ साली कलकत्त्यास स्थापन झाले, ही गोष्ट या संदर्भात आठवण्याजोगी आहे.) कर्ता ही संख्या आपल्या गुप्त किल्लीने मुद्रित करतो. त्याची दुसरी किल्ली, जी सर्वांस उघड असते, तिच्या साहाय्याने कोणताही संगणक ती मुद्रा तपासू शकतो, आणि मध्यंतरी फाइलीत फेरफार झाला आहे काय हे जाणू शकतो. ती उघड किल्ली अमुक संस्थेचीच आहे, याची ग्वाही तिसरी एक प्रमाणकर्ती संस्था देते.

फाइलीच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ या पानावर ही मुद्रा पाहता येते. येथे नवशिक्याची एक फसगत होते, ती सांगितली पाहिजे. विंडोजच्या पुष्कळ स्वकीय फाइलींवर हे पान आढळत नाही. कारण त्यांचे ठसे एका वेगळ्या सूचीत एकत्र नोंदून त्या सूचीवर मुद्रा केलेली असते. म्हणून पान नाही तेवढ्यावरून फाइल खोटी ठरवू नये. प्रोसेस एक्सप्लोरर या सूचीही तपासतो. यास्तव मुद्रा त्याच्याकरवी पडताळणे अधिक चांगले.

तसेच हेही खरे की, मुद्रा असणे म्हणजे निर्दोष असणे नव्हे. २०१० साली ‘स्टक्सनेट’ ही घातक आज्ञावली उजेडात आली. तिने इराणच्या अणुइंधन केंद्रातील यंत्रांस लक्ष्य केले होते. परंतु तिची लागण इराणखालोखाल इंडोनेशियात व भारतात झाली. तिच्या काही भागांवर तैवानमधील रिअलटेक आणि जेमायक्रॉन या दोन नामांकित उद्योगसंस्थांच्या खऱ्याखुऱ्या मुद्रा होत्या. मुद्रा बनावट नव्हत्या. त्या उमटविण्याच्या किल्ल्या चोरीस गेल्या होत्या. २०१७ साली ‘सीक्लीनर’ या लोकप्रिय आज्ञावलीबाबत याहून विलक्षण प्रकार घडला. ती जेथे तयार होते तेथेच शिरून परक्यांनी तिच्या ५.३३ या आवृत्तीत आपला भाग मिसळला, आणि त्यावर कर्त्याची मुद्रा रीतसर उमटून ती सुमारे २२ लाख ७० हजार यंत्रांवर गेली. याउलट, विनामूल्य उपयुक्त साधने रचणारे कित्येक हौशी कर्ते प्रमाणपत्राचा खर्च परवडत नाही म्हणून मुद्रेवाचूनच आपले काम लोकांस देतात.

फाइलीचा ठसा आणखी एका कामी येतो. ‘व्हायरसटोटल’ या, स्पेनमध्ये सुरू होऊन २०१२ पासून गूगलकडे असलेल्या, सेवेकडे केवळ तो ठसा पाठविला असता, निरनिराळी साठाहून अधिक परीक्षणयंत्रे त्या फाइलीविषयी काय म्हणतात ते कळते. मात्र फाइल तिला पूर्वी ठाऊक असली पाहिजे. शक्यतो ठसाच पाठवावा. संपूर्ण फाइल पाठविल्यास ती इतर अभ्यासकांनाही उपलब्ध होते; म्हणून खाजगी कागदपत्रे तेथे कधीही पाठवू नयेत. साठ परीक्षकांपैकी एक-दोघांनीच बोट दाखविले, तर तो बहुधा त्यांचा अतिसावधपणा असतो. तीस-चाळीसांनी दाखविल्यास मात्र संशयास जागा उरत नाही.

यजमान खरा, पाहुणा खोटा

येथवर फाइलीची परीक्षा झाली. परंतु संहिता शुद्ध असूनही प्रयोगात कोणी भलतीच भाषणे घुसडू शकतो. २००८ च्या नोव्हेंबरात पसरू लागलेल्या ‘कॉन्फिकर’ या कीटकाने हेच केले. त्याने स्वतःची प्रक्रिया उभी केलीच नाही. तो एका सेवेचे रूप घेऊन खऱ्याच एसव्हीसीहोस्टच्या घरी पाहुणा म्हणून राहिला. यजमानाचे नाव, ठिकाण, जनक, मुद्रा हे सर्व यथायोग्य होते. ज्या छिद्रातून तो शिरत असे ते बुजविणारी दुरुस्ती मायक्रोसॉफ्टने ऑक्टोबरातच प्रसिद्ध केली होती. ती ज्यांनी बसविली नाही त्यांच्या लक्षावधी यंत्रांत त्याने ठाण मांडले. म्हणून एसव्हीसीहोस्टविषयी शंका आल्यास त्याच्या घरी कोण राहते हे पाहावे लागते. टास्क मॅनेजरमध्ये उजव्या कळेने ‘गो टू सर्व्हिसेस’ निवडल्यास त्या त्या सेवांची नावे दिसतात. कॉन्फिकरच्या सेवेचे नाव यदृच्छेने जुळविलेले असे. ते विंडोजच्या दुसऱ्या निरोगी यंत्रावर कोठेही सापडत नसे.

अशा वेळी उपयोगी पडते ती चौथी आणि सर्वांत कठीण कसोटी, म्हणजे वर्तन. कठीण अशासाठी की, नेहमीचे वर्तन काय हे ठाऊक असल्याशिवाय विपरीत वर्तन ओळखू येत नाही. टास्क मॅनेजरमध्ये ‘सिस्टिम आयडल प्रोसेस’ नावाची एक प्रक्रिया प्रोसेसरचा शेकडा ९० वा ९५ भाग व्यापून बसलेली दिसते, आणि हीच आपले यंत्र मंद करीत आहे असे समजून कित्येकजण तिला बंद करू पाहतात. वस्तुतः तो आकडा प्रोसेसर किती रिकामा आहे हे दाखवितो. तो जितका मोठा तितके उत्तम. विंडोजचा स्वतःचा विषाणुरक्षक किंवा फाइलींची सूची करणारा सेवक हेदेखील काही काळ प्रोसेसर व्यापून टाकतात. पण काम संपताच शांत होतात. याउलट, परक्याच्या यंत्रावर चोरून आभासी चलनाची गणिते करणारी प्रक्रिया तासन्‌तास थांबत नाही. त्यांतील काही तर टास्क मॅनेजर उघडताच गप्प बसतात आणि तो मिटताच पुन्हा कामास लागतात! पंख्याचा आवाज चौकट उघडली की थांबतो आणि मिटली की पुन्हा चढतो, असे वारंवार घडत असेल तर तेही एक लक्षण होय.

वर्तनाच्या परीक्षेचे सर्वांत बोलके उदाहरण २०२४ सालचे आहे, आणि ते लिनक्स या प्रणालीवर घडले. आंद्रेस फ्रॉइंड हे अभियंते एका विदागार-प्रणालीच्या वेगाची सूक्ष्म मापने घेत होते. अशा मापनांसाठी यंत्र शक्य तितके शांत असावे लागते. ‘एसएसएचडी’ ही, दूरस्थ माणसास यंत्रात प्रवेश देणारी प्रक्रिया आपल्या वाट्यापेक्षा अधिक प्रोसेसर वापरीत आहे, असे त्यांस दिसले. चुकीच्या नावाने ठोठावणाऱ्यांस तिने तत्काळ परत पाठवावयाचे. तेवढ्यासाठी इतके श्रम कसले? प्रवेशासही पूर्वीपेक्षा सुमारे अर्धा सेकंद अधिक लागत होता. फ्रॉइंड यांनी हा अर्धा सेकंद सोडून दिला नाही. माग काढीत गेल्यावर असे आढळले की, फाइली आकुंचित करणाऱ्या ‘एक्सझेड’ या सर्वत्र वापरल्या जाणाऱ्या साधनाच्या ५.६.० आणि ५.६.१ या आवृत्त्यांत कोणीतरी चोरदरवाजा बसविला असून तो एसएसएचडीच्या पोटात उघडत होता. त्या साधनाची देखभाल करणाऱ्यांचा विश्वास दोन वर्षांहून अधिक काळ संपादन करून हे कृत्य केले गेले होते. २९ मार्च २०२४ रोजी फ्रॉइंड यांनी ही गोष्ट जाहीर केली, तेव्हा त्या आवृत्त्या बहुतांशी परीक्षणार्थ वापरल्या जाणाऱ्या प्रणालींतच पोचल्या होत्या. जगातील बहुसंख्य सर्व्हरांत त्या जाण्यास अद्याप अवकाश होता. येथे नाव, ठिकाण, कुळ, सर्व खरे होते. केवळ चालण्याची ढब बदलली होती, आणि ती पूर्वीची ढब ज्यास ठाऊक होती त्याच्याच ती ध्यानात आली.

घाईने झालेले अनर्थ

संशयाने चोर सापडतात, तसे साव मारलेही जातात. २००१ च्या वसंतात ईमेलने एक इशारा जगभर फिरला. ‘सल्फएनबीके’ नावाची फाइल आपल्या यंत्रात आहे काय ते पाहा. असल्यास तो विषाणू होय. ती ताबडतोब काढून टाका आणि आपल्या सर्व परिचितांना कळवा. लोकांनी शोध केला. फाइल खरोखरच सापडली. लोकांनी ती काढून टाकली आणि सर्वांना कळविले. ती विंडोज ९८ मधील, फाइलींची लांब नावे पूर्ववत करणारी निरुपद्रवी आज्ञावली होती. प्रत्येकाच्या यंत्रात ती असणारच. पुढील वर्षी हाच खेळ ‘जेडीबीजीएमजीआर’ या फाइलीबाबत झाला. तिचे बोधचित्र लहानशा अस्वलाचे होते, आणि असल्या गंभीर ठिकाणी खेळण्यातले अस्वल कशाला, या प्रश्नाने भल्याभल्यांचा विश्वास बसला. या दोन्ही प्रसंगी विषाणू यंत्रात नव्हता; पत्रातच होता, आणि तो पसरविण्याचे व हानी करण्याचे काम माणसांनी स्वहस्ते केले.

माणसे घाबरली म्हणून असे झाले, असेही नाही. २१ एप्रिल २०१० रोजी मॅकअ‍ॅफी या विषाणुरोधक संस्थेने पाठविलेल्या ५९५८ क्रमांकाच्या यादीने विंडोज एक्सपीच्या तिसऱ्या सर्व्हिस पॅकवरील खरा एसव्हीसीहोस्टच विषाणू ठरवून अडकवून ठेवला. यजमानच नाहीसा झाल्यावर सेवा कोठून चालणार? यंत्रे पुनःपुन्हा बंद पडून सुरू होऊ लागली, त्यांचे जाळ्याशी असलेले संबंध तुटले, आणि दुरुस्ती जाळ्यावरून पाठविणेही अशक्य झाले. कर्मचाऱ्यांस एकेका यंत्रापाशी जाऊन ते हाताने सुधारावे लागले. अमेरिकेतील रुग्णालये व विद्यापीठे यांना याची झळ बसली. जे काम नित्य पारख करणाऱ्या तज्ज्ञांच्या हातून असे बिघडू शकते, ते एका दृष्टिक्षेपात करू पाहणे किती धोक्याचे, हे निराळे सांगावयास नको.

संशय आल्यास

शाळांनी व ग्रंथालयांनी करण्याजोगी पहिली गोष्ट अगदी साधी आहे. यंत्र नवे व निरोगी असताना त्याच्या टास्क मॅनेजरची यादी, आणि यंत्र सुरू होताच आपोआप चालू होणाऱ्या आज्ञावल्यांची ‘स्टार्टअप’ या पानावरील यादी, एका वहीत तारखेसह उतरून ठेवावी. बहुतेक घातक आज्ञावल्यांना यंत्र बंद होऊन पुन्हा सुरू झाल्यावर परत यावयाचे असते. म्हणून दुसरी यादी विशेष महत्त्वाची. पुढे शंका आली तर तुलनेस ही वही हाताशी असते. नवी आज्ञावली बसविली की तिची नोंद त्याच पानावर करावी.

प्रत्यक्ष संशय आल्यावर प्रथम फाइल काढून टाकू नये. ‘एंड टास्क’ने प्रक्रिया थांबते, पण तो केवळ चालू प्रयोग बंद पडणे होय, संहिता जागच्या जागी राहते आणि पुढील प्रयोग केव्हाही लागू शकतो. ‘विनइनिट’, ‘सीएसआरएसएस’ यांसारख्या मूलभूत प्रक्रिया थांबविल्या तर सबंध यंत्रच त्या क्षणी कोसळते. नाव, क्रमांक, ठिकाण, जनक आणि वेळ ही लिहून घ्यावी. मग वर सांगितलेल्या चौकशा कराव्यात. एखादीच कसोटी बिघडली तर थांबून विचार करावा. दोन किंवा तीन एकदम बिघडल्या, म्हणजे ठिकाण भलते, मुद्रा नाही, आणि दूरच्या अनोळखी पत्त्याशी सतत संभाषण चालू, असे दिसले, तर यंत्राची जाळ्याची तार काढावी किंवा वाय-फाय बंद करावे. यंत्र जाळ्यापासून तुटले की चोरलेली माहिती बाहेर जाण्याचा मार्ग बंद होतो, आणि इतर यंत्रांस लागण होत नाही.

यानंतर विंडोजच्या विषाणुरक्षकाची ‘ऑफलाइन’ तपासणी चालवावी. ती विंडोज स्वतः सुरू होण्यापूर्वी होत असल्याने लपलेल्या प्रक्रियेस तिच्यापासून लपणे कठीण जाते. भारत सरकारने २०१७ च्या फेब्रुवारीत सुरू केलेले ‘सायबर स्वच्छता केंद्र’ अशी लागण काढून टाकणारी साधने विनामूल्य देते; ती दुसऱ्या निरोगी यंत्रावर उतरवून घेऊन येथे आणावीत. त्या संगणकावर अलीकडे ज्यांनी ज्यांनी आपले सांकेतिक शब्द वापरले असतील, त्यांना ही गोष्ट त्याच दिवशी कळवावी, आणि ते शब्द त्यांनी दुसऱ्या यंत्रावरून बदलावेत. त्याच यंत्रावरून बदलल्यास नवा शब्दही जुन्याच वाटेने जातो. बँकेचा सांकेतिक शब्द प्रथम बदलावा आणि मग ईमेलचा, असा क्रम अनेकजण ठेवतात. तो उलट असावयास हवा, कारण इतर बहुतेक सांकेतिक शब्द विसरल्यास नव्याने मिळविण्याचा रस्ता ईमेलमधूनच जातो.